डहाणू-तलासरी : तारपा, बोहाडा आणि किनाऱ्याची चव

नाटक, गाणे आणि जेवण यांची सांगड घालून एखादी संध्याकाळ घालवायची झाली, तर मुंबई-ठाण्याचा रसिक शिवाजी मंदिरचे किंवा गडकरी रंगायतनचे तिकीट काढतो आणि प्रयोग सुटल्यावर जवळचे एखादे हॉटेल गाठतो. चर्चगेटपासून सुमारे १२४ किलोमीटरवरच्या डहाणूत आणि त्याला लागून असलेल्या तलासरी तालुक्यात ही तिन्ही सुखे मिळतात. मात्र तिथे तिकीटखिडकी नाही, तिसरी घंटा नाही आणि प्रयोगाची तारीख वर्तमानपत्रात छापून येत नाही. ती तारीख ठरते भाताच्या पिकण्यावरून, चंद्राच्या तिथीवरून आणि समुद्राच्या भरती-ओहोटीवरून. हा परिसर कलाप्रेमी प्रवाशाने कसा पाहावा, काय ऐकावे, काय खावे आणि यांतले काय झपाट्याने विरळ होत आहे, याची ही ओळख.

परिसराची ओळख

पालघर जिल्हा १ ऑगस्ट २०१४ रोजी ठाणे जिल्ह्यातून वेगळा झाला. त्याच्या उत्तर टोकाला डहाणू आणि तलासरी हे दोन तालुके आहेत. पश्चिमेला अरबी समुद्र, उत्तरेला गुजरात आणि पूर्वेला दादरा-नगर हवेली अशी ही सीमा. डहाणू, नरपड, चिखले, घोलवड, बोर्डी ही किनाऱ्यावरची गावे सुरूच्या बनांसाठी आणि चिकूच्या वाड्यांसाठी प्रसिद्ध आहेत. रेल्वेमार्ग आणि मुंबई-अहमदाबाद महामार्ग ओलांडून पूर्वेकडे गेले, की जमीन हळूहळू चढू लागते, वाड्यांच्या जागी भाताची खाचरे दिसतात आणि गावांऐवजी ‘पाडे’ सुरू होतात. तलासरी तालुक्यातले उधवा हे अशाच सीमावर्ती पट्ट्यातले गाव. इथला रस्ता थोड्याच अंतरावर दादरा-नगर हवेलीत शिरतो. नातीगोती आणि बाजारहाट मात्र सीमेच्या दोन्ही बाजूंना सारखीच.

या पट्ट्यात वारली समाजाची वस्ती सर्वाधिक आहे. त्यांच्याबरोबर कोकणा, मल्हार कोळी, धोडिया, दुबळा, कातकरी हे समाज राहतात. किनाऱ्यावर मांगेला व कोळी हे मच्छीमार आणि वाड्यांमधून पारशी-इराणी बागायतदार. एवढ्या छोट्या प्रदेशात एवढ्या चालीरीती एकत्र नांदत असल्यामुळेच इथल्या कलेला आणि खाण्याला अनेक पदर आहेत.

तारपा : वाद्य आणि नाच

वारली चित्र पाहिलेल्या प्रत्येकाने तारपा पाहिलेला असतो. चित्राच्या मध्यभागी एक माणूस लांबलचक वाद्य फुंकतो आहे आणि त्याच्याभोवती हातात हात गुंफलेल्या स्त्री-पुरुषांची साखळी गोगलगाईच्या शंखासारखी वळत गेली आहे. ही कल्पनेतली नक्षी नाही. ते प्रत्यक्ष नाचाचे चित्रण आहे.

तारपा हे फुंकून वाजवायचे वाद्य. वरच्या बाजूला वाळवून पोकळ केलेला दुध्या भोपळा, त्यात बसवलेल्या दोन बांबूच्या नळ्या, नळ्यांच्या आत पातळ जिभाळ्या आणि खालच्या टोकाला ताडाच्या पानांचा रुंद होत गेलेला कर्णा, अशी त्याची रचना असते. सांधे मेणाने बंद केले जातात. धातूचा सूर नाही की कारखान्यातला सुटा भाग नाही. जे लागते ते परसात, रानात आणि ताडावर मिळते. भोपळा हवेचा साठा धरतो आणि नळ्यांमधून आवाज अखंड निघत राहतो. वादक नाकाने श्वास घेत असतानाच गालातली हवा आत सोडत असल्यामुळे सूर तुटत नाही. हे कसब अंगी बाणायला वर्षे लागतात. डांग आणि नाशिककडच्या कोकणा समाजात याच्याच जवळचे वाद्य ‘पावरी’ या नावाने ओळखले जाते.

तारपा वाजवणाऱ्याला ‘तारपकरी’ म्हणतात. नाचाचे सूत्र त्याच्या हातात असते. तो चाल बदलतो तशी नाचणाऱ्यांची पावले बदलतात. तो वळतो तशी साखळी वळते. साखळीच्या अग्रभागी असलेला गडी हातातली काठी जमिनीवर आपटून ताल धरतो. नाचणाऱ्यांनी तारप्याकडे पाठ करायची नाही, हा संकेत. साखळी कधी उलगडते, कधी आत गुंडाळत जाते. पहिल्यांदा पाहणाऱ्याला पावले सोपी वाटतात. अर्ध्या तासानंतर लक्षात येते, की चाल नकळत किती तरी वेळा बदलली आहे आणि साठी ओलांडलेली बाईसुद्धा एकदाही चुकलेली नाही.

तारप्याला ऋतू आहे. भात पिकू लागले की तारपा खुंटीवरून उतरतो आणि कापणीच्या दिवसांतून वाघबारस व दिवाळीपर्यंत रात्री घुमत राहतो. गावागणिक या मुदतीत थोडाफार फरक पडतो. पण हा पिकाच्या आनंदाचा नाच आहे, ही जाण सर्वत्र सारखी. त्याआधी भाद्रपदात गौरीनाच रंगतो आणि लग्नसराईत ढोल व तूर यांच्या तालावरचे नाच होतात. म्हणजे कोणते वाद्य केव्हा वाजवायचे, याचा निर्णय शेतीच्या दिनदर्शिकेने आधीच घेतलेला असतो.

या वाद्याची दखल उशिरा का होईना, देशपातळीवर घेतली गेली आहे. जव्हार तालुक्यातील वाळवंडे येथील ज्येष्ठ तारपावादक भिकल्या लाडक्या धिंडा यांना २०२२ सालचा संगीत नाटक अकादमी पुरस्कार मिळाला आणि २०२६ साली त्यांना पद्मश्री जाहीर झाली. त्यांच्या घरात हे वादन पिढ्यान्‌पिढ्या चालत आले आहे. चित्रकलेत हा मान आधीच मिळाला होता. डहाणू तालुक्यातील गंजाडचे जिव्या सोमा म्हसे यांनी लग्नाच्या चौकापुरती असलेली वारली चित्रकला कागदावर आणि कापडावर आणली. त्यांना २०११ साली पद्मश्री मिळाली. २०१८ साली त्यांचे निधन झाले. त्यांनी रंगवलेले तारप्याचे वर्तुळ जगभरच्या कलादालनांत पोहोचले. ज्या नाचावरून ते रेखाटले, तो नाच मात्र पाड्यावरच राहिला.

घांगळी आणि धवलेरी

तारपा हा सर्वांचा, तर घांगळी ही भगताची. भोपळे आणि तार यांपासून तयार होणारे हे साधे तंतुवाद्य. कापणीनंतर कणसरीची, म्हणजे धान्यदेवतेची पूजा मांडली जाते तेव्हा घांगळीच्या साथीवर तिची कथा रात्रभर गायिली जाते. ती ऐकायला गेलेल्याने मैफलीची अपेक्षा ठेवू नये. गाणारा श्रोत्यांसाठी गात नाही. तो देवतेला आळवतो. श्रोते मध्येच झोपतात, उठतात, चहा घेतात आणि पुन्हा कथेत येऊन बसतात.

वारली लग्नात भटजी नसतो. लग्न लावते ती धवलेरी. ही वयस्क, जाणती स्त्री मुखोद्गत गाण्यांतून विधी पुढे नेते. भिंतीवर सवाशिणी तांदळाच्या पिठाने चौक लिहितात, त्यात पालघट देवीची स्थापना होते आणि धवलेरीच्या गाण्याशिवाय तो चौक पुरा होत नाही. म्हणजे चित्र, गायन आणि विधी ही एकाच प्रसंगाची तीन अंगे आहेत. शहरात भिंतीवर टांगलेल्या वारली चित्रात त्यांपैकी एकच येते.

या लग्नगाण्यांना एक कडवा इतिहासही आहे. लग्नाच्या खर्चासाठी सावकार-जमीनदाराकडून उचल घ्यायची आणि ती फेडण्यासाठी नवरा-बायकोने त्याच्याकडे वेठीला राहायचे, अशी ‘लग्नगडी’ पद्धत डहाणू-तलासरीत विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत होती. मे १९४५ मध्ये तलासरी तालुक्यातील झरी येथे भरलेल्या परिषदेपासून शामराव आणि गोदावरी परुळेकर यांच्या नेतृत्वाखाली वारल्यांचा लढा पेटला. त्याच वर्षी १० ऑक्टोबरला तलवाडा येथे झालेल्या गोळीबारात जेठ्या गांगड आणि त्यांचे साथीदार हुतात्मा झाले. वेठबिगारी आणि लग्नगडी या दोन्ही प्रथा या लढ्याने मोडून काढल्या. गोदावरीबाईंच्या ‘जेव्हा माणूस जागा होतो’ या पुस्तकात हा सारा काळ आला आहे. आज पाड्यावरच्या लग्नात ढोल वाजतो, तेव्हा त्यामागे गहाण न राहिलेल्या माणसांचा मोकळेपणा आहे, हे पाहुण्याने ध्यानात ठेवलेले बरे.

बोहाडा : मुखवट्यांचे रंगभूमीनाट्य

प्रत्यक्ष नाट्य पाहायचे तर डहाणूहून चारोटी-कासामार्गे पूर्वेला जव्हार-मोखाड्याकडे जावे लागते. होळीनंतर तिथल्या गावांत ‘बोहाडा’ सुरू होतो. काही भागांत त्याला ‘भोवाडा’ असेही म्हणतात. कागदाच्या लगद्याचे किंवा लाकडाचे, भडक रंगांचे आणि कधी कधी चांगलेच वजनदार असे मुखवटे चढवून देव-दानवांची सोंगे गावाच्या मुख्य रस्त्याने नाचत येतात. गणपती आणि शारदा यांच्यापासून सुरुवात होते. मग रामायण-महाभारतातली पात्रे, नरसिंह, रावण, वेताळ अशी सोंगे रात्रभर येत राहतात. संबळ आणि पिपाणी हा त्यांचा वाद्यवृंद. पूर्वी टेंभ्यांचा उजेड असे. आता विजेचे दिवे आले आहेत.

बोहाड्याला संहिता नाही, संवादही जवळपास नाहीत. प्रत्येक सोंगाची चाल ठरलेली आणि त्या चालीसाठी वाजणारा ठेका ठरलेला. जाणकार प्रेक्षक सोंग दिसण्याआधी संबळ ऐकूनच कोण येत आहे ते सांगतात. अनेक सोंगे विशिष्ट घरांकडे परंपरेने चालत आलेली असतात आणि तो मान सहसा सोडला जात नाही. शेवटी पहाटे जगदंबा आणि महिषासुर यांचे युद्ध होते. देवीचे सोंग येते तेव्हा प्रेक्षकांचे भक्तांत रूपांतर होते. बायका ओवाळतात, नवस फेडले जातात. आदिवासी आणि बिगरआदिवासी, दोन्ही समाज या उत्सवात वाटेकरी असतात, हेही बोहाड्याचे वैशिष्ट्य.

महालक्ष्मीची जत्रा

हे सारे एका ठिकाणी जवळून पाहायचे असेल, तर चैत्र पौर्णिमा गाठावी. डहाणू तालुक्यात महामार्गालगत विवळवेढे येथे महालक्ष्मीचे देवस्थान आहे. चैत्र पौर्णिमेपासून सुमारे पंधरा दिवस तिची जत्रा भरते. पौर्णिमेच्या रात्री वाघाडी गावचा आदिवासी पुजारी ध्वज घेऊन अवघड गड चढतो आणि शिखरावर तो फडकवतो. जत्रेत पाळणे, खेळणी, कपडे यांबरोबरच पावसाळ्याच्या बेगमीचा मोठा बाजार असतो. सुकी मासळी, मसाले, कांदे, टोपल्या, शेतीची अवजारे यांची खरेदी करूनच माणसे घरी परततात. किनाऱ्यावरचे मच्छीमार आणि डोंगरातले शेतकरी यांची गाठ पडण्याचे हे जुने ठिकाण.

पानातले : रान आणि समुद्र

इथल्या जेवणाचा पाया भात आणि नागली. पेज, आंबील, तांदळाची किंवा नागलीची भाकरी, उडीद-तुरीचे कालवण आणि सोबत भाजलेला सुका बोंबील, हे रोजचे जेवण. त्याला चव येते ती ऋतूने. पहिल्या पावसाआधी रानात शेवळ्या उगवतात. त्यांच्या भाजीने घसा खाजतो, म्हणून त्यात काकडाची आंबट फळे घालतात. बाजारात दोन्ही एकाच टोपलीत विकायला येतात. पुढे कोळी, टाकळा अशा रानभाज्या आणि बांबूचे कोवळे कोंब येतात. दिवाळीच्या सुमारास रानकंद उकडले जातात, चवळीच्या शेंगा शिजतात आणि काकडीचा कीस तांदळाच्या पिठात कालवून पानात वाफवलेली ‘सावेली’ होते. नवे धान्य देवाला दाखवल्याशिवाय खायचे नाही, हा नियम अजून अनेक घरांत पाळला जातो.

थंडीत महामार्गालगत मातीच्या मडक्यांची रांग दिसते. सुरती पापडी, रताळी, कोनफळ, बटाटे यांना हिरवा मसाला लावून मडक्यात भरतात, रानपाल्याने तोंड बंद करतात, मडके उपडे घालून भोवती जाळ करतात. पाणी किंवा तेल न घालता भाज्या आपल्याच वाफेवर शिजतात. गुजरातकडे याला ‘उंबाडियू’ म्हणतात. पालघर-वसईकडची ‘उकडहंडी’ ही त्याचीच बहीण.

किनाऱ्यावर बोंबलाचे राज्य. ओला बोंबील रव्यात तळावा किंवा हिरव्या वाटणात करावा. सुकवण्यासाठी तो बांबूच्या मांडवांवर जोडीजोडीने टांगलेला असतो. पापलेट, ज्याला महाराष्ट्राने २०२३ साली राज्यमासा म्हणून घोषित केले, त्याचीही या किनाऱ्यावर मोठी उठबस. १ जून ते ३१ जुलै या काळात यांत्रिक मासेमारीला बंदी असते. त्या दोन महिन्यांत ताज्या समुद्री मासळीचा हट्ट न धरता सुक्या मासळीचे कालवण मागावे. पावसाळी जेवणाची खरी चव तीच.

डहाणू-घोलवडच्या चिकूला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळाले. इथे चिकूच्या चकत्या, लोणचे, मिठाई असे अनेक प्रकार मिळतात. वाड्यांमध्ये स्थिरावलेल्या पारशी-इराणी कुटुंबांमुळे धनसाक आणि पात्रा नी मच्छीही डहाणूच्या खाद्यजीवनात सामील झाली. या समाजाचे या भूमीशी नाते जुने आहे. संजाण पडल्यावर पवित्र अग्नी बोर्डीजवळच्या बहारोटच्या डोंगरातील गुहेत बारा वर्षे सुरक्षित ठेवला होता, अशी पारशी परंपरा सांगते. पात्रा नी मच्छीतला केळीच्या पानात गुंडाळलेला मासा आणि पाड्यावरची पानात वाफवलेली सावेली, यांची युक्ती एकच.

परंपरेपुढील प्रश्न

हे वर्णन वाचून सर्व काही सुखेनैव चालले आहे, असा समज होऊ नये. दिवाळी सरली की जव्हार, मोखाडा, विक्रमगड, डहाणू, तलासरी या भागांतली अनेक कुटुंबे वीटभट्ट्या, बांधकामे आणि वाळूच्या कामांसाठी वसई, भिवंडी, ठाण्याकडे निघतात. तरुण मुले वापी-उंबरगावच्या कारखान्यांत जातात. वादन शिकण्याचे वय आणि स्थलांतराचे वय एकच. तारप्याचा वर्ग नसतो. तो रात्री म्हाताऱ्याच्या शेजारी बसून शिकायचा असतो. शेजारी बसणाराच गावात उरला नाही, तर म्हाताऱ्याबरोबर चालीही जातात.

दुसरा बदल लग्नांत आणि सणांत दिसतो. मोठ्या आवाजाचे ध्वनिवर्धक संच भाड्याने आणले, की तारपा ऐकूच येत नाही. तिसरा बदल आपल्यासारख्या पाहुण्यांमुळे होतो. पर्यटकांसमोर पंधरा मिनिटांचा तारपा नाच करून दाखवण्याची पद्धत रुळली आहे. त्यातून कलाकारांना दोन पैसे मिळतात, हे नाकारण्याचे कारण नाही. पण पंधरा मिनिटांत दोन-तीनच चाली बसतात आणि मग तेवढ्याच शिकवल्या जातात. रात्रभराच्या नाचातल्या उरलेल्या चालींना गिऱ्हाईक राहत नाही.

किनाऱ्याचा प्रश्न वेगळा, पण तितकाच मोठा. डहाणू तालुका १९९१ साली केंद्र सरकारच्या अधिसूचनेने पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील ठरला. त्याच्या रक्षणासाठी १९९६ साली नेमलेल्या प्राधिकरणाचे अध्यक्षपद न्यायमूर्ती चंद्रशेखर धर्माधिकारी यांनी दीर्घकाळ सांभाळले. याच किनाऱ्यावरच्या वाढवण बंदराची पायाभरणी ३० ऑगस्ट २०२४ रोजी झाली. बंदराने रोजगार येईल, असे सरकार म्हणते. मासेमारीची क्षेत्रे आणि उपजीविका जाईल, असे मच्छीमार म्हणतात. निकाल काहीही लागो, डहाणूच्या बाजारातल्या टोपलीवर त्याचा परिणाम होणार, एवढे निश्चित.

जाणाऱ्यांसाठी

पश्चिम रेल्वेची उपनगरी गाडी २०१३ सालापासून डहाणू रोडपर्यंत जाते. तिथून बोर्डी-घोलवडकडे तसेच तलासरीकडे एसटी व रिक्षा मिळतात. तलासरी महामार्गावरच आहे. उधव्यासारख्या आतल्या गावांना जाताना परतीच्या गाडीची वेळ आधी विचारून ठेवावी.

तारपा ऐकायचा तर भातकापणी ते दिवाळी हा काळ धरावा. बोहाड्यासाठी होळीनंतरचे आठवडे, जत्रेसाठी चैत्र पौर्णिमा. किनाऱ्यावरच्या खाण्यासाठी हिवाळा उत्तम, रानभाज्यांसाठी जून-जुलै. ९ ऑगस्टला जागतिक आदिवासी दिनाच्या मिरवणुकांतही तारपा आणि ढोल दिसतात. नक्की दिवस मात्र ओळखीच्या स्थानिकाकडूनच कळतो.

पाड्यावर निमंत्रणाशिवाय जाऊ नये. छायाचित्र काढण्याआधी विचारावे. बोहाड्याचे मुखवटे पूजेतले असतात. ते हाताळू नयेत, डोक्यावर चढवून पाहू नयेत. कणसरीच्या पूजेत किंवा लग्नाच्या चौकाजवळ कॅमेऱ्याचा झोत टाकू नये. वादन ऐकून बिदागी द्यायची असेल तर ती थेट वादकाच्या हाती द्यावी. चित्र घ्यायचे तर ते चित्रकाराकडूनच विकत घ्यावे. घरी जेवणाचा आग्रह झाला तर बसावे. पण त्या घरावर भार पडणार नाही, हे पाहावे.

आणि शक्य असेल तर रात्रीची परतीची गाडी पकडण्याची घाई करू नये. तारप्याचा नाच सुरू व्हायलाच उशीर होतो. पहिला तास पावले एकमेकांना शोधत असतात. मध्यरात्रीनंतर कधी तरी साखळी नीट जुळते, बघ्यांपैकी एखाद्याचा हात धरून कोणी तरी त्याला आत ओढते, आणि मग प्रेक्षक म्हणून आलेल्यालाही पाठ न फिरवता तारप्याभोवती फिरावे लागते.